उकरलेल्या दरजा

आमच्या अंगणातल्या दरजांची आठवण निघाली की मी आजही चिडते. ऐंशीकडे झुकलेल्या बाईनं दगडांमधल्या फटींवरून एवढं चिडावं, याचं नातवंडांना हसू येतं. येऊ दे. त्यांनी ती ज्वारी खाल्लेली नाही.

लढाईचे दिवस होते. बाजारात ज्वारी मिळेनाशी झाली होती आणि आमच्या आठ माणसांचं वर्षाचं पोट अंगणाखालच्या पेवात भरून ठेवलेलं होतं. पेव म्हणजे धान्य साठवायचा खोल खड्डा. त्यावर काळ्या दगडाची फरसबंदी, आणि दगडांमधला चुना पार झिजून गेलेला. दरजा भरल्या नाहीत तर पाणी सरळ ज्वारीत उतरणार, हे सासूबाईंना कळत होतं, मला कळत होतं. मामंजींना कळून घ्यायचं नव्हतं.

आमचा नेहमीचा गवंडी नगरला लष्कराच्या कामावर निघाला होता. जाताना तो मुद्दाम सांगायला आला. "आता दिवाळीपोतर माझं येनं न्हाई जमायचं. पर तुमी घरच्या घरी भरा की. कळीचा चुना, इटांची भुकटी, अन् आठ दिवस वल्लं ठिवायचं. लई अवघड न्हाई."

त्यानं शिवी दिल्यासारखे मामंजी भडकले. "दप्तर सांभाळणारं घर आहे हे! लेखणी धरणाऱ्यांनी थापी धरायची?"

मग दुसरा गवंडी शोधण्यात महिना गेला. शोधण्यात म्हणजे ओट्यावर बसून "सांगून ठेवलंय" म्हणण्यात. वैशाख संपत आला. मामंजी दोन दिवस लग्नाला परगावी गेले आणि मी पदर खोचला. सासूबाईंनी विटा कुटल्या, मी चुना विरवला. खुरप्यानं फटी साफ केल्या, पाणी मारलं आणि भाकरीच्या उलथन्यानं चुना आत दाबत गेले. बोटांची सालं निघाली. पण संध्याकाळी ओली पोती अंथरताना दरजांच्या त्या सरळ रेघा पाहिल्या आणि सासरी आल्यापासून पहिल्यांदा मला स्वतःचा अभिमान वाटला.

घोडेगावच्या बाजाराला जाणाऱ्यांनी उघड्या दारातून मला पाहिलं होतं. मामंजी परतले ते पारावर कुणाचं तरी कुजकट बोलणं ऐकूनच. "सूनबाई गवंडीकाम करतात म्हणे!"

त्यांनी पायसुद्धा धुतले नाहीत. पोती भिरकावली, खुरपं घेतलं आणि ओल्या दरजा एकेक करून उकरल्या. थापी धरायची लाज वाटणाऱ्या माणसाला खुरपं धरायची लाज वाटली नाही. सासूबाई ओरडल्या, "अहो, खाली ज्वारी आहे!"

"ज्वारी पुन्हा पिकेल," ते म्हणाले. "अब्रू पिकत नाही."

मी खांबाला धरून उभी होते. त्यांच्या हातातलं खुरपं हिसकावून घ्यावंसं वाटत होतं आणि घेतलं नाही, याचा राग मला माझा स्वतःचाही आहे.

चौथ्या दिवशी वळीव कोसळला. पेव उघडलं तेव्हा वाफेनं डोळे चुरचुरले. अर्धी ज्वारी काळी पडून तिचे गोळे झाले होते, ते गुरंही हुंगेनात. उरलेली आम्ही दोघींनी उन्हात वाळवली, पण कुबट वास गेला नाही.

महिनाभरानं पाहुणे जेवायला होते. भाकरीचा वास त्यांनाही आला असणार. मामंजी सुस्कारा टाकून म्हणाले, "काय करता! गवंडी वेळेवर आला नाही, पेव भिजलं."

त्या काळी सून सासऱ्यांसमोर बोलत नसे, पाहुण्यांपुढे तर नाहीच. माझ्या हातात भाकरीची टोपली होती. मी म्हणाले, "गवंडी आला नाही, पण दरजा भरल्या होत्या. मी भरल्या होत्या. त्या तुम्ही उकरल्यात."

मामंजींनी ताटावर हात धुतला आणि ते उठले.

त्या दिवसापासून त्यांनी माझ्या हातून वाढून घेणं सोडलं. सासूबाई वाढायच्या. भाकऱ्या मात्र मीच थापत होते, त्याच ज्वारीच्या, आणि ती संपेपर्यंत रोज दोन्ही वेळा ते त्या मुकाट्यानं खात होते.