माझ्या ओठांवर तिचा आवाज

"टीव्हीत काय ठसक्यात बोलायची ही! अन् इथं बघा, तोंडातून शब्द फुटंना," वैशालीच्या सासूबाई माझ्याकडे बघून शेजारणीला म्हणाल्या.

"फुकट कशाला बोलंल? कलाकार हाय ती," शेजारीण म्हणाली, आणि दोघी हसल्या.

मी घुगऱ्यांच्या वाटीत बघत राहिले. नाशिकजवळ, एकलहऱ्याच्या वीज केंद्राच्या कॉलनीत, वैशालीच्या सासरी, तिच्या मुलीचं बारसं होतं. पाटावर बसलेल्या वैशालीनंही ते ऐकलं असणार. तिने मांडीवरच्या बाळाचं टोपरं सारखं केलं, बस्स.

आता जे सांगते आहे ते मी आईलाही कधी सांगितलेलं नाही. तुम्हाला का सांगते आहे — तेही नीट माहीत नाही.

पंधरा वर्षांची असताना मी एका मालिकेत शेतकऱ्याची मुलगी झाले होते. चेहरा कॅमेऱ्याला आवडला. पण माझं मराठी इंग्रजी शाळेतलं, घरात लागेल तेवढंच — दिग्दर्शकांना ते सपाट वाटायचं. शूटिंग सायखेड्याला, गोदावरीच्या काठी. बघायला जमलेल्या गर्दीत वैशाली होती, माझ्याच वयाची. मैत्रिणींना हसवायला तिने माझा एक संवाद म्हणून दाखवला, आणि दिग्दर्शकांनी मागे वळून बघितलं. तेव्हापासून पडद्यावर ओठ माझे हलायचे आणि डबिंगला ती बोलायची. मी जिथे श्वास घेतलेला असे तिथेच तीही घ्यायची. मालिकेच्या शेवटी नावं येतात, त्यात तिचं नाव कधीच आलं नाही. "कुणाला सांगू नकोस हं," मी म्हटलं होतं. तिने गळ्याची शपथ घेतली — आणि सासरीसुद्धा पाळली.

एवढंच असतं तर? डबिंग काय, सगळीकडे होतं. त्यासाठी कुणाची झोप उडत नाही.

मालिका संपत आली होती. मेकअपच्या खोलीत दिग्दर्शक मला म्हणाले, पुढच्या मालिकेत वैशालीला कॅमेऱ्यासमोर आणायचं आहे. मुख्य भूमिका. तुझी मैत्रीण आहे ना — तू आधी तिच्या घरचा अंदाज घे, मग आम्ही येऊन बोलतो. मी हो म्हटलं.

दुसऱ्या दिवशी आम्ही दोघी डबिंगला एकाच गाडीतून गेलो. तिने घरून शेंगदाण्याचे लाडू आणले होते; मोठा मला दिला. ती मला सगळं सांगायची — शाळा, भाऊ, आरशासमोर माझे प्रसंग करून बघते तेही. मी लाडू खाल्ला. खिडकीबाहेर बघत बसले.

मला भीती कसली होती? तो आवाज तिच्या चेहऱ्यावर दिसला असता, तर लोकांनी लगेच ओळखला असता. मग माझं काय उरलं असतं? — हे मला तेव्हाच, गाडीतच, स्वच्छ कळत होतं. लहान होते, समजत नव्हतं, असं मी म्हणू शकत नाही.

पुढे मला कामं मिळाली नाहीत. ऑडिशनला माझ्याच आवाजात बोलायला सांगायचे. दोन वाक्यांत समोरच्यांचे चेहरे उतरायचे. मी नाशिकमध्येच शिकले, नोकरीला लागले. अजूनही दुकानात कुणीतरी ओळखतं, म्हणतं, "तो एक डायलॉग म्हणा ना!" मी लाजते. माझ्या लाजण्याचं लोकांना कौतुक वाटतं.

"पोरी, पाळणा तूच म्हण गं," सासूबाई माझ्यासमोर येऊन म्हणाल्या. "तुझ्या त्या आवाजात ऐकू दे माझ्या नातीला."

बायका सरकून बसल्या. कुणीतरी मोबाइल वर धरला. वैशालीनं माझ्याकडे बघून हळूच मान हलवली — नको सांगूस. अजूनही ती मलाच सांभाळत होती.

"काकू, तो आवाज माझा नव्हता. तुमच्या सुनेचा होता."

सासूबाई सुनेकडे वळल्या, बघतच राहिल्या. इथे थांबले असते, तर त्यांनी मला मोठ्या मनाची म्हटलं असतं. मी पाटासमोर बसले.

"वैशाली, पुढच्या मालिकेत त्यांना तू हवी होतीस. मुख्य भूमिकेत. तुझे घरचे नाही म्हणतात, असं मी त्यांना सांगितलं. मी तुला विचारलंच नव्हतं."