अर्ध्या सुताचा फरक

आमच्या घरात पुस्तकं थोडी आणि पत्रकं फार. नाना, म्हणजे माझे वडील, अमळनेरला तेलाच्या कारखान्यात कामाला होते आणि युनियनची पत्रकं तेच लिहायचे. मी जोडाक्षरं शिकले ती हक्क, संघर्ष आणि व्यवस्थापन या शब्दांवर. जेवताना पत्रकाचा मसुदा वाचला जायचा आणि आई भाकरी थापता थापता म्हणायची, हे वाक्य लांब झालं.

त्या पत्रकांचे दोन नियम होते. ज्याच्याविरुद्ध छापायचं त्याला मजकूर आधी दाखवायचा आणि खाली स्वतःचं नाव घालायचं. नाना प्रूफ घेऊन मॅनेजरच्या केबिनमध्ये जायचे, ते टेबलावर ठेवायचे आणि सांगायचे, यात काही खोटं असेल तर उद्या सकाळपर्यंत कळवा. मला हा भाबडेपणा वाटायचा. ज्याच्याशी लढायचं त्याला आधी कशाला सांगायचं? मी मोठी झाले, धुळ्यात खोली घेतली, एका क्लासमध्ये शिकवायला लागले आणि स्वतःची पत्रकं लिहायला लागले. ती नानांच्या पत्रकांपेक्षा जास्त धारदार आहेत असं मला वाटे.

नानांची गाडी माझ्याकडेच असते. जुनी, छोटी, सेकंडहँड घेतलेली. कंपनीनं ते मॉडेल कधीच बंद केलंय. अमळनेर रस्त्यावरच्या खड्ड्यांनी दोन रिम वाकल्या आणि रोज सकाळी हवा भरायची वेळ आली. पंक्चरवाला म्हणाला, या सरळ होणार नाहीत, चारही बदलून टाका. नव्या मिळेनात, म्हणून मी जुनी अलॉय चाकं बघायला महामार्गालगतच्या एका दुकानात गेले.

दुकानदार पन्नाशीचा. पाटीवरच्या आडनावावरून घराणं मूळचं राजस्थानातलं हे कळलं, आणि तेवढ्यावर मी त्याला मनातल्या मनात शेठ करून टाकलं. खरं तर त्याचे हात कोपरापर्यंत काळे होते आणि तो माझ्यापेक्षा चांगली खान्देशी बोलत होता. मला ती समजते, बोलता येत नाही. जनतेसाठी लिहिणाऱ्या बाईची ही गत.

माझ्या आधी एक पांढऱ्या कडक कपड्यांतला माणूस आला होता. त्याची गाडी माझ्याच गाडीएवढी, फक्त नवी. त्याला ढिगातली चार चाकं बसवून मिळाली, माझ्यासमोर. तशाच नक्षीचा दुसरा सेट बाजूला रचून ठेवला होता. मी म्हटलं, मला तो द्या.

दुकानदारानं माझ्या गाडीचं पुढचं चाक काढलं, उकिडवा बसला आणि समोरासमोरच्या भोकांवर पट्टी धरून मापं घेतली. मग बाजूच्या सेटमधल्या चाकावर. मग पुन्हा गाडीच्या चाकावर.

“ताई, ह्या चाकं तुमनी गाडीले बसाव नही.”

मी म्हटलं, इथं चार भोकं आहेत, तिथंही चारच आहेत.

“चार त शेतस. पन अर्धा सूतना फरक शे.”

सूत म्हणजे इंचाचा आठवा भाग. त्याच्या अर्ध्यासाठी हा माणूस मला परत पाठवत होता. मघाशी त्यांना दिलीत ना, असं मी विचारलं. तो म्हणाला, त्यांची गाडी वेगळी, नुसती दिसायला सारखी. आठ दिवस थांबा, तुमच्या मापाची मागवतो. सगळी जबाबदारी माझी, असं मी लिहून द्यायला निघाले. तरी देवाव नही, देणार नाही, एवढंच म्हणाला. माझं जुनं चाक परत बसवलं, नट आवळले आणि मजुरी घेतली नाही.

मजुरी घेतली नाही, हे मी पत्रकात लिहिलं नाही.

मला जे दिसलं ते असं होतं: पुरुषाला, नव्या गाडीला, कडक कपड्यांना चाकं मिळाली. बाईला, जुन्या गाडीला, मागच्या काचेवर युनियनचं स्टिकर असलेल्या गाडीला आठ दिवस थांबायला सांगितलं. हे काही मी हवेतून काढलेलं नव्हतं. खोली भाड्यानं घेताना, बँकेत, पोलीस चौकीत, ‘थोडं थांबा’ मी इतक्यांदा ऐकलंय की त्याचा मला वास येतो. बहुतेक वेळा तो वास खराही निघालाय. म्हणूनच या वेळी मी काहीच तपासलं नाही.

एका तासात पत्रक लिहिलं. मथळा होता ‘माणूस बघून माल?’ दुकानाचं नाव घातलं नाही, पण वळण आणि शेजारचा पेट्रोल पंप लिहिला, म्हणजे नाव घातल्यासारखंच. ‘अर्ध्या सुताच्या सबबीवर ग्राहकाला हाकलणारे शेठ’ हे वाक्य मला इतकं आवडलं की मी छापणाऱ्याला ते ठळक करायला सांगितलं. दुकानदाराला मजकूर दाखवला नाही. खाली नाव घातलं, ‘एक जागरूक नागरिक’.

ते पत्रक मी चार ठिकाणी वाटलं. काळी-पिवळी जीपच्या स्टँडवर, बसस्थानकासमोरच्या चहाच्या टपरीवर, कॉलेजच्या फाटकाशी आणि आमच्या रविवारच्या अभ्यासमंडळात. मंडळात तर मोठ्यानं वाचून दाखवलं आणि मी लिहिलंय हेही सांगितलं. तिथं नाव सांगायला मला भीती वाटली नाही, कारण तिथं टाळ्या होत्या. मंडळ चालवणारे निवृत्त प्राध्यापक म्हणाले, ही आग आजच्या पिढीत उरलेली नाही.

पुढच्या आठवड्यात कामासाठी जळगावला गेले, तिथं एका दुकानात तशीच चाकं दिसली. त्या दुकानदारानं मापबिप काही घेतलं नाही. का नाही बसणार ताई, चार नटची गाडी, चार नटचं चाक, असं म्हणत त्यानं मशीननं खटाखट नट आवळले. मी गाडीचा फोटो काढला आणि मंडळाच्या ग्रुपवर टाकला. खाली लिहिलं, “बसली.”

साठच्या पुढे गेलं की स्टेअरिंग थरथरायचं. मी म्हटलं, रस्ता खराब आहे.

मग एका दुपारी नानांना डोळ्यांच्या डॉक्टरकडे जळगावला नेऊन तसेच धुळ्याला माझ्याकडे आणत होते. एरंडोल मागे पडलं तेव्हा नाना म्हणाले, चाक बोलतंय गं. मी त्यांना नव्या रस्त्याच्या कंत्राटावर छोटं भाषण दिलं. पारोळ्याच्या अलीकडे टक टक टक असा आवाज आला आणि गाडी डावीकडे ओढली. कशीबशी कडेला घेतली. डाव्या पुढच्या चाकाचे दोन नट जागेवर नव्हते. तिसरा बोटानं फिरत होता. नाना त्याच बाजूला बसले होते.

थोडं पुढं पंक्चरचं दुकान होतं. तिथला म्हातारा जॅक घेऊन आला, चाक काढलं आणि भोकं बघून ‘च्च’ केलं. भोकांच्या कडा एकाच बाजूनं घासून चकचकीत झाल्या होत्या. त्यानं डिकीतली स्टेपनी, म्हणजे गाडीचं मूळचं चाक, काढून या चाकावर पालथी ठेवली, भोकावर भोक, दोन्ही एका बाजूनं उचलून तिरकी धरली आणि मला म्हणाला, खालून बघा. एका भोकातून आभाळ गोल दिसत होतं. समोरच्या भोकातून ते बीजेच्या चंद्रासारखं कापलेलं दिसत होतं. मी रस्त्याच्या कडेला वाकून त्या चंद्राकडे बघत राहिले.

“किती फरक असेल?” मी विचारलं. मला उत्तर माहीत होतं.

“असंन अर्धा सूत. नट आवळाय जातस, पन बसत नहीत. मंग हालू हालू सुटतस.”

नाना दुकानाच्या बाकड्यावर बसले होते. त्यांना माझं पत्रक माहीत होतं. स्टँडवरून कुणीतरी अमळनेरला नेलं होतं आणि मजकुरावरून त्यांनी मला ओळखलं होतं. त्यावर ते तोवर माझ्याशी एक अक्षरही बोलले नव्हते. मला वाटलं होतं, अभिमानानं गप्प असतील.

“धुळ्याच्या माणसानं हीच चाकं द्यायला नकार दिला होता?”

मी मान हलवली.

“त्याला कागद दाखवला होतास?”

“नाही.”

“आणि खाली नाव का नव्हतं तुझं?”

याचं उत्तर मी अजून दिलेलं नाही. ते पुढे म्हणाले, “मॅनेजरला दाखवायचो ते त्याच्यासाठी नव्हे. माझं चुकत असेल तर छापायच्या आधी कळावं म्हणून.” म्हाताऱ्यानं पुढे स्टेपनी बसवली आणि कुठून तरी आणलेले नट आवळले. पुढचा सव्वा तास, जळगावच्या दुकानात सोडून आलेल्या जुन्या वाकड्या चाकांची आठवण काढत, आम्ही पस्तीसच्या वेगानं धुळ्याला आलो.

दुसऱ्या दिवशी मी महामार्गावरच्या दुकानात गेले. शटरवर डिंकाचा चौकोनी डाग होता आणि त्या डागात माझ्याच पत्रकाचा कोपरा चिकटून राहिला होता. कुणीतरी ते तिथं लावलं होतं. दुकानात गिऱ्हाईक नव्हतं.

त्यानं मला ओळखलं. मी म्हटलं, भाऊ, ते पत्रक मी लिहिलं. तो म्हणाला, माहीत आहे. अर्ध्या सुतावरून माझ्याशी भांडणारं दुसरं कुणी आलं नव्हतं. मी काय घडलं ते सांगितलं. तो उठला, चाकाला हात लावून बघितलं आणि गाडीत कोण कोण होतं तेवढं विचारलं. वडील होते, मी म्हटलं.

त्या दिवशी तो माझ्याशी शुद्ध मराठीत बोलत होता. सरकारी माणसाशी बोलतात तशी. ‘तुमनी गाडी’ची ‘आपली गाडी’ झाली होती. मला त्या एका गोष्टीनं जितकं मेल्यासारखं झालं तितकं दुसऱ्या कशानं झालं नाही.

काळी-पिवळीवाले यायचे बंद झाले आहेत, असं त्यानं सांगितलं. तक्रारीच्या सुरात नाही, गाडीत काय बिघाड आहे ते सांगावं तसं. वीस वर्षं त्यांची चाकं तोच बघायचा. आता म्हणतात, तू माणूस बघून माल देतोस. त्याच्या मुलीला कॉलेजच्या फाटकाशी कुणीतरी ते पत्रक हातात दिलं. कुणी दिलं ते मी विचारलं नाही. त्या फाटकाशी मी एकटीच उभी होते.

मी घाईघाईनं म्हटलं, मी दुसरं पत्रक काढते. जाहीर माफी. माझ्या नावानं, फोटोसकट. खरं सांगायचं तर त्याची पहिली दोन वाक्यं माझ्या डोक्यात तयारही झाली होती, आणि ती चांगली होती.

“कागद नको,” तो म्हणाला. “पहिला ज्यांनी वाचला नाही ते दुसरा वाचून पहिला शोधतील. जिथं जिथं वाटलात, तिथं जाऊन तोंडानं सांगा. तेवढं झालं की पुरे.”

मग त्यानं माप घेतलं आणि आठ दिवसांनी या म्हणाला. आठव्या दिवशी चाकं आली. त्यानं ती हातानं, पान्यानं, एकाआड एक नट आवळत बसवली आणि सांगितलं, थोडी चालवा आणि परत आणा, नट पुन्हा बघावे लागतात.

मधल्या दिवसांत मी काळी-पिवळीच्या स्टँडवर गेले. पत्रक हातात देताना माणसाकडे बघावं लागत नाही. कागद द्यायचा आणि पुढं सरकायचं. बोलायला लागलं की माणूस उभा राहतो, तोंडाकडे बघतो आणि प्रश्न विचारतो. मी सांगितलं, ते पत्रक माझं, ते चुकीचं होतं, त्या माणसानं मला नाही म्हटलं ते बरोबर होतं, मी ऐकलं नाही आणि माझे वडील केवळ नशिबानं वाचले. एक चालक दात कोरत म्हणाला, “मंग आता तिकडनं कमिशन भेटलं का अक्का?” सगळे हसले. मी तिथंच उभी राहिले. दुसऱ्या एकानं विचारलं, नक्की कुठलं दुकान, आणि मी सांगितल्यावर म्हणाला, हा, तो बदमाश. पत्रकातलं त्याला एवढंच आठवत होतं. मला पुन्हा पहिल्यापासून सांगावं लागलं. टपरीवर सांगितलं. कॉलेजच्या फाटकाशी दोन दिवस उभी राहिले, येणारी-जाणारी मुलंमुली थांबवून सांगितलं, आणि त्यांतली त्याची मुलगी कुठली हे मला कळलं नाही.

राहिलं अभ्यासमंडळ. चाकं बसल्यानंतरच्या रविवारी गेले. बोलायचं ठरवून, काय बोलायचं ते तोंडात घोळवत. प्राध्यापकांनी त्या दिवशी आलेल्या पाहुण्यांशी माझी ओळख करून दिली: ही आमची लेखिका, हिनं महामार्गावरच्या शेठला धडा शिकवला. लोकांनी टाळ्या वाजवल्या. पाहुणे माझ्याकडे बघून कौतुकानं मान हलवत होते.

मी हसले. मग विषय सुरू झाला, आणि संपला, आणि चहा झाला. मी बाहेर येऊन गाडीत बसले. गाडी आता कुठंही थरथरत नव्हती.

दोन दिवसांनी नट तपासायला दुकानात गेले. एक काळी-पिवळी तिथं उभी होती, तिच्या मालकाशी दुकानदार खान्देशीत काहीतरी थट्टा करत होता. मला बघून तो पाना घेऊन आला आणि माझ्या पुढच्या चाकाशी उकिडवा बसला. पहिला नट आवळताना, वर न बघता, त्यानं विचारलं, “बठ्ठाकडे सांगी उन्यात ना ताई?”

सगळीकडे सांगून आलात ना, हेच तो विचारत होता, आणि पुन्हा माझ्याशी खान्देशीत.

मी म्हटलं, हो.

त्यानं मान हलवली आणि दुसऱ्या नटाला पाना लावला.