सहाच्या बातम्यांआधी

मॉर्वेना हॉस्केनला प्लिमथमधली पोरंटोरंसुद्धा ओळखत. टीव्हीवर दोन कार्यक्रमांच्या मधल्या फटीत ती दिसायची. "आता पाहू या" म्हणायचं, मुलांचे वाढदिवस वाचायचे, वादळाचा इशारा द्यायचा आणि गोड हसायचं. मूळची ती नटी. फिरत्या नाटक मंडळीत मोलकरणींपासून राण्यांपर्यंत सगळं करून झालं, पण पोट भरेना, म्हणून निवेदिका झाली. तात्पुरती म्हणे! त्या तात्पुरत्याला नऊ वर्षं झाली होती.

त्या रविवारी दुपारी तिचाच एक जुना चित्रपट लागला होता, खुनाचा. त्यात तिचा एकच प्रसंग, तोही शेवटाकडे. बुडालेल्या मुलाचे बूट कोणी दारात आणून ठेवतं आणि आई, म्हणजे मॉर्वेना, त्यांच्याकडे नुसती बघत राहते. लंडनचा एक दिग्दर्शक गावातल्या हॉटेलात उतरला होता. नव्या मालिकेतल्या आईसाठी बाई शोधत होता. मॉर्वेनाने स्वतः फोन करून त्याला टीव्हीसमोर बसवलं होतं. चाळिशी उलटलेल्या नटीकडे संधी चालत येत नाही, तिला ओढून आणावी लागते.

आणि नेमकी तिच्या प्रसंगाच्या तोंडावर फिल्म तुटली.

"मॉर्वेना, बोल! काहीही बोल!" कानातल्या यंत्रातून सिरिल बोलाइथो ओरडला. प्रक्षेपणाची सूत्रं त्याच्या हाती.

ती हसली. माफी मागितली. हवामान सांगितलं, मग तेच हवामान वेगळ्या शब्दांत सांगितलं. काचेपलीकडे फिल्मवाला गुंता सोडवत होता. शेवटी सिरिलने संगीत लावलं आणि कॅमेऱ्यावरचा लाल दिवा विझला.

"सहाला लंडनच्या बातम्या घ्याव्याच लागतात. सगळा शेवट काही मावत नाही," तो म्हणाला. "तुझे ते बूट लावू, की खुनी पकडतात ते?"

"दोन्ही नाही का जमणार?"

"घड्याळ माझ्या बापाचं आहे का, बाई?"

निवेदिकेने काय सांगावं हे तिला पक्कं ठाऊक होतं. अख्खा परगणा चहा निवत ठेवून खुनी कोण ते बघायला बसला होता.

"बूट," ती म्हणाली.

"अगं, लोक मला फाडून खातील!"

"मला खाऊ देत. लावा."

पडद्यावर तिचाच तरुण चेहरा आला. काम चांगलं झालं होतं, खरंच चांगलं. प्रसंग संपला आणि लाल दिवा लागला. सहाला काही क्षणच उरले होते.

"खून पोस्टमास्तरांनी केला," मॉर्वेना कॅमेऱ्यात बघून म्हणाली. "मत्सरापोटी. पकडले गेले. आता बातम्या." हसायचं तिला सुचलंच नाही.

फोन खणखणू लागले. शिव्या देणारे निम्मे, खो खो हसणारे निम्मे. सिरिल कपाळ धरून बसला. "उद्या साहेब तुला काढणार, आणि मी मध्ये पडणार नाही."

तेवढ्यात दिग्दर्शकाचा फोन आला. "पोस्टमास्तराचं सांगणारी बाई मला हवी! तुरुंगाच्या वॉर्डनसाठी."

"आणि बुटांचा प्रसंग?"

"तेव्हा मी खाली चहा सांगायला गेलो होतो हो."

"आईचं काम कोणाला दिलंत?"

"अजून कोणाला नाही."

"मग तिथून हलू नका." तिने कोट उचलला.

हॉटेलच्या खोलीत, त्याचेच बूट दारात मांडून, तिने तो प्रसंग करून दाखवला. त्याने सगळा पाहिला. नाक शिंकरलं.

"सुरेख," तो म्हणाला. "पण वॉर्डनच."

तिने होकार दिला.