नऊ वर्षं गड्याच्या कामात

"कपडे बदलू नकोस रे. असाच वडे वाढ. लोकांना मजा येईल."

मंडळाचं नाटक नुकतंच संपलं होतं. अमेरिकेत, टेक्सासमधल्या अर्विंगच्या एका शाळेचा हॉल. मी धोतर-बंडीत, खांद्यावर फडकं. असं म्हणून काकूंनी वड्यांचा ट्रे माझ्या हातात दिला. मागून कुणीतरी म्हणालं, "याला मेकअपच लागत नाही यार. नॅचरल आहे!" सगळे हसले. मीही हसलो. त्या माझ्या हसण्याची अजून लाज वाटते.

मी आठवीतून शाळा सोडलेला. इथं रेस्टॉरंटमध्ये तंदूर सांभाळतो. नोकरी काकांनी लावून दिली. काकूंचे मिस्टर, मंडळाचे अध्यक्ष, नाटकाचे नायक. उपकार विसरलेलो नाही. म्हणून नऊ वर्षं गडी, शिपाई, हमाल झालो. नाही म्हणायची भीती वाटायची.

आवडायचंही, खोटं कशाला बोलू? फोनवर जुने काळे-पांढरे ब्रिटिश सिनेमे बघायचो. त्यांत एक नट सारखा दिसायचा. कधी बटलर, कधी पोलीस. दोन मिनिटांचं काम. पण असा उभा राहायचा की नजर त्याच्यावरच जायची. त्याच्याकडून शिकलो. सिनेमा संपल्यावर येणाऱ्या नावांच्या पाटीत, अगदी तळाला का होईना, त्याचं नाव असायचं.

त्या दिवशी दुसऱ्या अंकात काका वाक्य विसरले. साफ ब्लँक. माझी एन्ट्री नव्हती, तरी तांब्या घेऊन घुसलो. "साहेब, मृत्युपत्राचं वकिलांना कळवू का?" काकांना धागा सापडला. नंतर लोक म्हणाले, काय पॉज घेतलात काका!

पात्रपरिचयात प्रत्येकाचं नाव, डिग्री, कंपनी. माझ्यापाशी आल्यावर, "आणि हा आपला गडी!" छापील पत्रकातही तेवढंच.

ट्रे घेऊन चार पावलं गेलो. थांबलो. ट्रे टेबलावर ठेवला.

"काकू, नाटक संपलं. मी वाढणार नाही."

काका म्हणाले, "एवढं काय मनाला लावून घेतोस? तुला इथं कोणी आणलं?"

"तुम्ही. त्यासाठी तंदूरवर राबतो. पण स्टेजवर मी नट आहे. माझं नाव घ्या."

त्यांची नात मध्येच म्हणाली, "आजी, व्हॉट्स हिज नेम?" काकू काकांकडे बघायला लागल्या.

मीच सांगितलं. पूर्ण, आडनावासकट, मोठ्यानं. आडनाव ऐकून दोन-तीन चेहरे बदलले. बदलू देत.

नोकरी जाईल असं वाटलं. आजही वाटतं.

परवा नव्या नाटकासाठी मंडळाचा फोन आला. छोटंसंच काम आहे म्हणाले. छोटं चालेल, मी म्हणालो. आधी पत्रक छापा, मला वाचून दाखवा. मग तालमीला येतो.