आईनं पाहिलेली प्रश्नमंजूषा

किस्से सांगून संपत नाहीत, उलट वाढतात. शनिवारी इथे परदेशात, बुकित पंजांगच्या हॉकर सेंटरमधल्या खाण्याच्या टपऱ्यांवर सुहास भेटला, की दुसऱ्या कॉफीला आमची प्रश्नमंजूषा निघतेच. शाळेत असताना आम्ही दोघं टीव्हीवर झळकलो होतो. चॅनेल एकच, त्यामुळे सगळ्या महाराष्ट्रानं आम्हाला पाहिलं. नाइलाजानं!

*

स्टुडिओत आयुष्यातला पहिला एसी भेटला. सुहासचे दात वाजायला लागले.

“घाबरू नकोस हं बाळ,” प्रश्न विचारणाऱ्या बाई म्हणाल्या.

“घाबरलो नाही बाई. स्वेटर आहे का?”

हाच माणूस आज घरात एसी सोळावर ठेवतो!

*

पहिल्याच प्रश्नाला, बाईंनी तोंड उघडताच सुहासनं बझर दाबला.

“बोल, उत्तर?”

“आधी प्रश्न तर होऊ द्या, बाई!”

*

त्याआधी जिन्यात माझ्या नव्याकोऱ्या बुटाचा तळ सुटला होता. “काढून टाक रे,” सुहास म्हणाला, “कॅमेरा टेबलाच्या वरच असतो.” मी एका पायात बूट, एका पायात मोजा अशा थाटात दुसरा नंबर काढला! संध्याकाळी सुहासच्या मामांनी बूट शिवून आणला. घरी आम्ही अवाक्षर काढलं नाही.

*

कार्यक्रम लागला त्या दिवशी कराडला पाटीलकाकूंच्या ब्लॅक अँड व्हाइट टीव्हीसमोर अख्खी गल्ली! आई नवी साडी नेसून पुढे, शेजारी मी. सुरुवातीचं संगीत वाजलं आणि लाईट गेली. आली तेव्हा आमचा कार्यक्रम संपून पडद्यावर शेतीच्या कार्यक्रमातली बटाट्यावरची कीड.

“पोरगं बरंच बदललंय हो!” पाटीलकाका म्हणाले. सगळे हसले. आई सोडून.

*

मध्यंतरी सुहासनं त्या टेपचा शोध घेतला. कुणीतरी फोनवर सांगितलं, तेव्हा टेपा पुसून परत वापरायचे.

“म्हणजे आपल्यावर कुणीतरी तबला वाजवलाय!” सुहास म्हणाला.

हसलो खरा. पण टॅम्पिनीसला घरी परतताना एमआरटी ट्रेनच्या काचेत स्वतःलाच बघत बसलो. तो मुलगा मला एकदा, फक्त एकदा, समोरून बघायचा होता.

*

घरी लेकीला, ईशाला, हे सांगितलं तर इथल्या इंग्रजीत म्हणते, “व्हिडिओ नाही? देन नेव्हर हॅपन लाह, बाबा!”

खरं सांगतो, हे घडलंच नाही असं हल्ली मलाही वाटायला लागलं होतं.

*

रविवारी कराडला आईला व्हिडिओ कॉल लावला. ईशानं फोन हिसकावला.

“आजी, बाबा रिअली टीव्हीवर होते?”

“होता की! मी पाहिलाय ना.”

“आई, अगं लाईट गेली होती...”

“तू गप रे. निळा शर्ट होता, ईशू. उत्तर येत असलं की आधी नाक खाजवायचा. आणि बसला होता असा ताठ, कलेक्टरसारखा!”

“देन, आजी?”

“मग काय! टेबलाखाली बघते, तर एका पायात बूटच नाही!”