पाठमोरे बाबा

आमच्या ह्यांनी पडद्यावर सत्तावीस पोरी उजवल्या. घरात एक मूल नाही, पण स्टुडिओत शिरले की चहावाल्यापासून हिरोपर्यंत सगळ्यांचं "बाबा, बाबा!" हिरोइनचा बाप हवा की फोन ह्यांनाच. बत्तीस वर्षं तेच. दारात उभं राहायचं, "तू आम्हाला मेलीस" म्हणायचं, आणि सिनेमा संपता संपता तिला जवळ घेऊन रडायचं. पोस्टरवर तोंड कधी आलं नाही. मी त्याच युनिटांत कपडेपट सांभाळते, त्यामुळे सगळं डोळ्यांदेखत पाहिलंय.

गेल्या वर्षी ह्यांचे कान गेले. दोन महिन्यांत पार ठार बहिरे. डॉक्टरांनी कानात घालायचं यंत्र लिहून दिलं. हे म्हणाले, "कॅमेऱ्यात दिसेल. आणि एकदा बोभाटा झाला की फोन वाजायचा बंद. वाजला तरी मला कुठे ऐकू येणार म्हणा!" आणि स्वतःच हसले. मला मात्र धडकी भरली.

तेव्हापासून आमची चोरी सुरू झाली. समोरच्याचे ओठ बघून हे बोलायचे. ओठ दिसणार नाहीत तिथे मी कॅमेऱ्यामागे, कुणाचा तरी कोट हातात घेऊन उभी. समोरच्याचं वाक्य संपलं की मी हात वर करायचा, ह्यांनी बोलायचं. रोज वाटायचं, आज पकडले जाणार. मागून कुणी "बाबा" म्हणालं की मी धावत जाऊन ह्यांचा दंड धरायची. युनिटची माणसं चिडवायची, "वहिनी, बाबांना जरा मोकळं सोडा की!" मनात म्हणायची, तुमचं काय जातंय रे मेल्यांनो.

त्या दिवशी दिग्दर्शकाने ऐन वेळी जागा बदलली. "बाबा, मुलीकडे पाठ करून उभे राहा. ती रडत माफी मागेल. तुम्ही वळायचं नाही, नुसतं म्हणायचं, 'घरी चल.'" हे मान डोलावत राहिले. किती कळलं, देव जाणे! कॉलर नीट करायच्या निमित्ताने मी जवळ गेले आणि तोंडासमोर तोंड धरून पुन्हा सगळं सांगितलं. ह्यांनी माझा हात धरून ठेवला.

"चुकलो तर?"

"मी आहे ना," म्हटलं. आणि कुणाचा तरी कोट उचलून कॅमेऱ्यामागे जाऊन उभी राहिले.

शॉट सुरू झाला. पोरगी रडू लागली. हे माझ्याकडे टक लावून, पापणीही हलत नव्हती. तेवढ्यात वर काहीतरी करकरलं. ह्यांच्या डोक्यावरचा मोठा दिवा एका बाजूने सुटून लोंबकळत होता. "बाबा, सरका!" अख्खं युनिट ओरडलं. पोरगी किंचाळत पळाली. हे जागचे हलेनात. मी कोट फेकला आणि दोन्ही हात वर करून बोंबलले, "अहो, बाजूला व्हा, बाजूला!"

ह्यांना माझे हात दिसले. चेहरा केवढा निवळला! भरल्या गळ्याने, सावकाश म्हणाले, "घरी चल."

दिवा ह्यांच्या टाचेमागे वीतभर अंतरावर आदळला. पायाखालची जमीन हादरली तेव्हा कुठे हे दचकून वळले. काचाच काचा. दिग्दर्शक एकदा ह्यांच्याकडे बघायचा, एकदा माझ्या हातांकडे. ते अजून वरच होते, खाली घ्यायचं भान मला नव्हतं. त्याला आता काही विचारायची गरज उरली नव्हती.

ह्यांनी सगळ्यांचे चेहरे पाहिले, मग माझा. घाबरून, हळूच विचारलं, "लवकर बोललो का गं मी?"