बाबांच्या ऑर्गनचं तेल

आठ नोव्हेंबर, शनिवार. आजचं काम: बाबांच्या ऑर्गनला तेल घालणं.

सकाळी घाटकोपरहून निघताना मी टॉर्च, स्क्रूड्रायव्हर, जुने पंचे आणि तेलाची बाटली पिशवीत टाकली. हे ऑर्गनचं खास तेल. पाण्यासारखं पातळ असतं आणि इथे दुकानात मिळत नाही, बाहेरून मागवावं लागलं. मुलुंडला पोचले तेव्हा बाबा पेपर वाचत होते, म्हणजे पेपर तोंडासमोर धरून बसले होते. मी ऑर्गनवरची चादर काढली.

"राहू दे गो," ते पेपरमागून म्हणाले. "उद्या होऊचा नाय ता."

"ती मुलगी माइक घेऊन येतेय. काकांनी तिला हो म्हटलंय."

"हो म्हणाक तेचा काय जाता? तेका नुसते ड्रम बडवूचे आसत."

काका म्हणजे बाबांचे जुने ड्रमर, खारदांड्याचे कोळी. नात्यानं आमचे कोणी नाहीत. लग्नाच्या बँडमध्ये वाजवता वाजवता बाबांना भेटले आणि तेव्हापासून दोघं एकमेकांना शिव्या घालत आले आहेत.

उद्याचं प्रकरण असं. एक तरुण मुलगी जुन्या वादकांच्या घरी जाऊन त्यांचं वाजवणं रेकॉर्ड करते आणि त्यांच्या नावानं बाहेर काढते. ती बरेच महिने बाबांच्या मागे होती. बाबा दर वेळी नवं कारण सांगायचे. कधी गुडघा, कधी सर्दी, कधी शेजारच्यांचं ड्रिलिंग. शेवटी काकांनी तिला परस्पर फोनवर सांगून टाकलं, ये रविवारी. तिचे माइक कुणाकडून तरी मागून आणलेले, ते सोमवारी परत जायचे होते. आणि बाबांच्या उजव्या हाताला कंप सुरू झाला आहे. गोळ्या चालू आहेत, पण हा वाढत जाणार, असं डॉक्टरांनी मला बाहेर बोलावून सांगितलं होतं. उद्या झालं तर झालं, नाहीतर कधीच नाही, एवढं मला कळत होतं.

बाबांनी उभं आयुष्य रेकॉर्डिंगमध्ये काढलं आणि त्यांच्या नावाची एकही रेकॉर्ड नाही.

आजोबा मालवणकडून गिरणीत कामाला आले. चाळीतल्या भजनी मंडळात बाबा पेटी शिकले आणि मग एका संगीत नाटक कंपनीत पायऑर्गन वाजवायला लागले. पायऑर्गनला वीज लागत नाही. दोन्ही पायांनी पॅडल मारून भाता भरायचा आणि वर हातांनी वाजवायचं. पाय थांबले की सूर मेला. नाटकं बंद पडत गेली तेव्हा एका गोवेकर सॅक्सोफोनवाल्यानं बाबांना हॉटेलच्या बँडमध्ये नेलं. बाबांनी तोवर जॅझ ऐकलंही नव्हतं. पण त्याला ऑर्गनवाला हवा होता, आणि बाबांना काम.

तिथला ऑर्गन विजेचा होता, आता घरात आहे तसाच. त्याच्याही पायाशी पॅडलं, पण ती बेसची. दाबलं की खर्जाचा स्वर निघतो. बाबांचा डावा पाय सवयीनं भाता भरायला लागला आणि हॉटेलभर भलतेच स्वर घुमले. सॅक्सोफोनवाला म्हणे हसला आणि म्हणाला, पाय थांबवू नकोस, फक्त तो कुठे पडतो ते बघ. हळूहळू तो पाय बरोबर स्वरांवर पडायला लागला. पुढे त्यांच्या बेसच्या चालीचं लोक कौतुक करायचे, कुणाकडे शिकलात म्हणून विचारायचे. नाटक कंपनीत भाता मारून शिकलो, हे बाबा कुणाला सांगत नसत.

मग सिनेमाची रेकॉर्डिंग्ज आली. सकाळी शिफ्टला जायचं, कॅबरेच्या गाण्यात नाचणारी आत येते तेवढ्यापुरतं वाजवायचं, सही करायची, घरी यायचं. माइकमध्ये पायाचा धपधप आवाज जाऊ नये म्हणून जाड मोजे घालून वाजवायचे. ते मोजे आई विणायची. तिला जॅझमधलं काही कळत नव्हतं. पण रेडिओवर गाणं लागलं की शिलाई मशीन थांबवून म्हणायची, "हे बघ, बाबा आले." तेवढ्यात बाबा वाजवून गेलेलेही असायचे. रेकॉर्डच्या कव्हरवर गायकाचं नाव, संगीतकाराचं नाव. वादकांची नावं छापायची पद्धत नव्हती.

एकदाच ती संधी आली होती. सॅक्सोफोन, डबल बास, काका आणि बाबा, चौघांची जॅझची रेकॉर्ड निघणार होती, त्यात बाबांनी बांधलेल्या चाली होत्या. एका दिवसात सगळं वाजवून झालं. रेकॉर्ड काही आली नाही. पुष्कळ दिवसांनी बाबा चौकशीला गेले तेव्हा कळलं की टेप महाग म्हणून कंपनीनं त्याच टेपवर गणपतीच्या आरत्या भरल्या. आई म्हणाली, निदान देवाच्या कामाला आली. त्यावर बाबा तिच्याशी बरेच दिवस धड बोलले नव्हते. चौघांपैकी आता दोघंच उरलेत.

तर मी ऑर्गनचा मागचा फळा काढला. आत बारीक दात्यांची चाकं रांगेनं असतात. मोटर ती फिरवते आणि त्यांच्यातून स्वर निघतो. वर्षातून एकदा नळ्यांत तेल सोडलं की काम झालं. हे करायला आधी वांद्र्याहून एक मेकॅनिक यायचा. तो वारल्यावर कोणी तेल घातलंच नाही, अशी माझी समजूत होती.

टॉर्च मारला तर आत सगळं पिवळं, चिकट. बोट लावलं तर डिंकासारखं ओढलं गेलं. आणि फळ्याच्या आतल्या कप्प्यात एक तेलाची कुपी उभी होती, चोच असलेली, शिलाई मशीनची. तिच्यावर हळदकुंकू वाळलेलं. मोटरवरही हळदकुंकू. एका खिळ्याला झेंडूच्या फुलाचा सुकलेला देठ अडकलेला.

मला लगेच कळलं. खंडेनवमीला आई आपल्या मशीनची पूजा करायची. मशीन पुसायचं, तेल घालायचं, फूल वाहायचं. त्याच हातानं ती ऑर्गनचीही करायची. हे मी लहानपणापासून पाहिलेलं. मेकॅनिक गेल्यावर फूल वाहता वाहता ती तेलही घालू लागली असणार, आपलंच. शिलाई मशीनला ते तेल चालतं. ऑर्गनमध्ये ते वर्षागणिक घट्ट होत जातं.

मी स्विच दाबून धरला. मोटर घुरघुरली, फिरली नाही. आणखी एकदा केलं. तेच.

पेपर खाली आला होता.

"बाबा, तुम्हाला माहीत होतं."

"काय?"

"आई यात मशीनचं तेल घालायची."

त्यांनी चष्मा काढला, पुसला. "होता माहीत. पयल्याच वर्षी खर्ज जड झालो. समाजला माका."

"मग तिला सांगितलं का नाही?"

"कशाक? तेव्हा काम सुटला होता. मी खंय वाजवी होतंय? ती आपली हौसेन घाली. सांगलंय असता तर ऑर्गनाक परत हात लावची नाय, तुका ठाऊक नाय ती?"

ठाऊक होती. एकदा तिच्या सांबाऱ्यात मीठ जास्त झालं म्हटल्यावर तिनं वर्षभर सांबारं केलं नव्हतं.

"आणि आता? ती जाऊन दोन वर्षं झाली. त्या मुलीला गुडघ्याच्या थापा मारण्यापेक्षा मला सांगायचं."

"सांगून काय? तू मेकॅनिक आणतलंस. तो फळो काढतलो आणि सगळ्यांसमोर विचारतलो, हा गाढवपणा कोणी केल्यान?"

मी हात साबणानं धुतले. तेल जाईना, परत धुतले. मग माहितीतल्या एका वाद्य दुरुस्तीवाल्याला फोन लावला. त्यानं सांगितलं, सगळं खोलायचं, धुवायचं, निदान महिनाभर लागेल. उद्या सकाळचं बोलूच नका.

तेवढ्यात काका आले. खांद्याला लहान ड्रम, एका हातात ब्रशांची पिशवी, दुसऱ्या हातात मांदेली.

"काय रं, पेटी पुसलीस का तुझी? का अजून गुडघाच दुखतोय?"

"ऑर्गन जाम झालाय काका," मी म्हटलं. "आतलं तेल घट्ट झालंय." कुणाचं तेल, ते सांगितलं नाही.

काकांनी मांदेली माझ्या हातात दिली, वाकून आत बघितलं. कुपी मी आधीच पिशवीत टाकली होती. पण ते हळदकुंकू त्यांना दिसलं. ते सरळ उभे राहिले आणि फळा उचलून हलकेच जागेवर टेकवला.

"बाय, मांदेली तळ. कुरकुरीत तळ, मागच्या वेळेसारखी लिबलिबीत नको," ते मला म्हणाले, आणि मग बाबांना, "आता काय करतोस? त्या पोरीला नाय सांगू?"

"सांग. बरा झाला."

"काय बरा झाला? माझी उद्याची मच्छी सोडून मी मुलुंडला येतो, आणि तू बरा झाला? नाटकातला तू, नाटकंच करत बस आयुष्यभर."

"नाटकातलो म्हणूनच तुका ठेक्यात ठेवलंय. नायतर तू अजून वरातीत घोड्याच्या मागना चालत ऱ्हवलो असतंस."

मी स्वयंपाकघरात मांदेलीला रवा लावत हे ऐकत होते. नाटकातला, या शब्दावर माझा हात थांबला. मागच्या गल्लीतल्या दत्तमंदिराच्या सभागृहात एक पायऑर्गन आहे. भजनी मंडळाचा. गणपतीत नाट्यगीतांचा कार्यक्रम होतो तेव्हा बाहेर काढतात, एरवी कोपऱ्यात असतो, वर सतरंज्या ठेवलेल्या.

मी रवा लागलेल्या हातानंच बाहेर आले. "पायऑर्गनवर वाजवा."

दोघंही माझ्याकडे बघायला लागले.

"जॅझ? भजनाच्या पेटीवर?" काका म्हणाले.

"माझो उजवो गुडघो बदललोहा," बाबा म्हणाले. "दोन पाय लागतत तेका."

"डावा तुमचा आहे ना. उजवं पॅडल मी खाली बसून हातानं मारते."

"तुका जमाचा नाय."

"पोळ्यांची कणीक मळते रोज. पॅडलाला काय होतंय?"

बाबा नाही म्हणाले नाहीत. काकांकडे बघून त्यांनी विचारलं, "तुझे ब्रश आसत ना? काठये नको. पायऑर्गन दबतलो." तिथे मला कळलं की ते वाजवणार.

मांदेली तळून झाल्यावर मी मंदिरात गेले. मंडळाच्या चिटणीसांनी विचारलं, कुठलं भजन? मी म्हटलं, भजन नाही, वडिलांच्या चाली आहेत. त्यांनी सतरंज्या उचलल्या. दोन-तीन माणसांनी ऑर्गन आमच्या जिन्यावरून वर चढवला, वाटेत भिंतीला एक पोपडा पाडला. विजेचा ऑर्गन भिंतीला सरकवून मी त्याच्यावर चादर घातली.

सराव वाईट झाला. मी पॅडल ठेक्यात मारत होते, काकांच्या ब्रशांबरोबर. हवा मधेच संपायची आणि सूर बसायचा.

"ठेक्यात नको मारू," बाबा वरून ओरडले. "ठेको आमचो. तू नुसतो वारो भरत रव."

"आणि हसू नकोस," काका म्हणाले. मी हसत नव्हते. दम लागला होता.

हळूहळू जमलं. उजवा हात थरथरत होता, पण त्यांनी चाल बरीचशी डाव्या हातावर घेतली आणि उजव्यानं मोजकेच स्वर लावले. ज्या चालीच्या टेपवर आरत्या भरल्या गेल्या होत्या तीच ही चाल. मी ती पूर्वी कधी ऐकली नव्हती. सिनेमातल्यासारखी चकचकीत नव्हती. पायऑर्गनच्या नाकातल्या आवाजात जरा खरखरीत वाटत होती, आणि मधेच कुठे तरी नाटकातली तान डोकवायची. काका म्हणाले, "अस्संच वाजवायचास तू हॉटेलात. तेव्हा सांगत नव्हतास कुठून आणलंस ते."

रात्री मी मुलुंडलाच राहिले.

दुसऱ्या दिवशी सकाळी ती मुलगी माइक आणि वायरी घेऊन आली. पायऑर्गन बघून जरा गोंधळली. मी तिला सांगितलं की विजेचा बंद पडलाय. तिनं कानाला हेडफोन लावले, बाबांना थोडं वाजवायला सांगितलं आणि हात वर केला.

"काहीतरी कुरकुरतंय. खाली. पॅडल असेल."

बाबांनी माझ्याकडे बघितलं. ऑर्गनचं परदेशी तेल टेबलावरच होतं. मी बाटली उघडून थेंब बोटावर घेतला. फार पातळ. लोखंडी बिजागरीत टिकलं नसतं, ओघळून जमिनीवर आलं असतं. मी आत गेले आणि पिशवीतून कुपी काढली. हळदकुंकू पुसायला पंचा घेतला होता, पण तसाच ठेवला. चोच बिजागरीत घातली, दोन्ही पॅडलांना थेंब थेंब सोडलं, पॅडल खालीवर केलं. कुरकुर थांबली.

"कुठलं तेल घातलंत?" मुलीनं विचारलं.

"शिलाई मशीनचं," बाबा म्हणाले. "आमच्या घरातला. ह्या कामाक चांगला असता."

मी घडी घातलेली गोधडी जमिनीवर टाकली, बसले, उजव्या पॅडलवर दोन्ही हात ठेवले. बाबांनी चप्पल काढली. अजून एकही स्वर लावला नव्हता, तेवढ्यात त्यांचा डावा पाय भाता भरायला लागला, म्हणून मीही सुरू केलं.